कोळसा गेल्यावर शहराला ऊब कुठून? आणि आपल्या खाणींतल्या पाण्याचं काय?

वणीकर मास्तर

मंडळी, प्रश्न विदर्भात बसून विचारतोय म्हणून आधीच हसू नका.

माझी भाची जर्मनीत बोखुमला असते. रुर खोऱ्यातलं शहर. आधी कोळसा, मग पोलाद, मग ओपेलचा मोटार कारखाना. खाणी कधीच्या बंद झाल्या, ओपेलही २०१४च्या शेवटी गेलं. तिच्या घरात गिझर नाही, हीटर नाही. रस्त्याखालून गरम पाण्याचे जाड नळ येतात, इमारतीच्या तळघरात त्यांची उष्णता काढून घेतली जाते आणि सगळ्या मजल्यांवरचे रेडिएटर तापतात. उष्णतेचं मीटर, उष्णतेचं बिल. आता घरमालकाचं पत्र आलंय की ही उष्णता पुढच्या काही वर्षांत कोळसा आणि गॅस न जाळता येणार, दर बदलू शकतात.

माझे प्रश्न दोन. कोळसाही नाही, गॅसही नाही, तर अख्ख्या शहराचं पाणी तापवणार कशावर? आणि दुसरा आपल्या घरचा. भाची म्हणते की तिथे बंद खाणीत साचलेल्या पाण्यातून उष्णता काढतात. आमच्या गावाभोवती वेकोलिच्या (वेस्टर्न कोलफील्ड्स, सरकारी कोळसा कंपनी) खाणी आहेत. पंप रात्रंदिवस पाणी उपसतात आणि नाल्याला सोडून देतात. या पाण्याचं असं काही होऊ शकतं का?

चांदा ते बांदा

मास्तर, चंद्रपुरात घरं तापवायची योजना सूर्याने कधीच पूर्ण केली आहे. मे महिन्यात ४६-४७ अंश, शंभर टक्के घरं जोडलेली, बिल शून्य. जर्मनांना म्हणावं अभ्यास दौऱ्यावर या.

पऱ्हाटीवाला

हाव ना बाप्पा. आमच्या गच्चीवरच्या टाकीतून दुपारी पाणी घेतलं का चहापत्ती टाकाचंच काम उरते.

रुरकर

मी डोर्टमुंडला असतो, मूळ अचलपूरचा. बोखुम शेजारीच आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

ओपेलच्या जागेला आता 'मार्क ५१°७' म्हणतात (तिथले अक्षांश-रेखांश आहेत ते). त्या जागेखाली डॅननबाउम नावाची जुनी खाण आहे, १९५८ साली बंद झालेली. तिच्या गॅलऱ्या, म्हणजे जमिनीखालचे बोगदे, पाण्याने भरून गेल्या होत्या. वरून बोअर मारून त्या बरोबर गाठल्या, एक सुमारे ३४० मीटरवर, दुसरी सुमारे ८२० मीटरवर. खोल गॅलरीतलं पाणी तीस अंशांच्या जवळपास असतं. त्यातली उष्णता हीट पंपाने वर चढवून हिवाळ्यात इमारती तापवायच्या. उथळ गॅलरीतलं पाणी त्यापेक्षा बरंच गार, ते उन्हाळ्यात ऑफिसं गार करायला. एकाच खाणीतून दोन्ही कामं.

हीट पंप म्हणजे आपला फ्रीजच. फ्रीज आतल्या भाजीतली उष्णता काढून मागच्या जाळीतून बाहेर टाकतो. इथे भाजीच्या जागी खाणीचं पाणी आणि जाळीच्या जागी शहराची पाइपलाइन. एक युनिट वीज खर्चून साधारण तीन युनिट उष्णता मिळते.

पण मास्तर, पूर्ण शहर एका खाणीवर चालत नाही. प्रत्येक शहर जवळपास फुकट जाणारी उष्णता शोधतंय. कारखान्याची, सांडपाण्याची, नदीची, कचरा जाळायच्या प्लांटची. मानहाइमला ऱ्हाइनच्या पाण्यावर मोठा हीट पंप चालतो. जर्मनीत १ जानेवारी २०२४पासून कायदा आहे: एक लाखावर वस्तीच्या शहरांनी ३० जून २०२६पर्यंत उष्णतेचा आराखडा करायचा, लहान गावांनी २०२८पर्यंत. आणि अशा जाळ्यांत २०३०पर्यंत ३० टक्के, २०४०पर्यंत ८० टक्के उष्णता अक्षय स्रोतांची किंवा वाया जाणारी असली पाहिजे.

शंकासुर

कायदा कागदावर छान. आज तिकडे जळतं काय ते सांगा. मुख्यतः गॅसच ना? पोलंडमध्ये तर अशा जाळ्यांत अजून निम्म्याहून जास्त कोळसा आहे. आपल्याला शिकवायला सगळे पुढे.

रुरकर

गॅस आहे, नाकारत नाही. पण हेलसिंकीत हानासारीचं कोळशाचं केंद्र २०२३ला बंद झालं आणि सालमिसारीचं एप्रिल २०२५ला. तिथे सांडपाण्यातली उष्णता काढणारे पंप जमिनीखाली चालतात, वीज स्वस्त असेल तेव्हा विजेचे बॉयलर. डेन्मार्कात एस्बर्गला समुद्राच्या पाण्यावर ७० मेगावॅटचा हीट पंप आहे, सुमारे २५ हजार घरं त्यावर, आणि तिथलंही कोळशाचं केंद्र बंद झालं. हिवाळ्यातल्या समुद्राचं पाणी, बरं का. गारच असतं, तरी त्यात उष्णता असते.

औष्णिक निवृत्त

रुरकर यांनी चांगलं मांडलंय. मी आयुष्यभर टर्बाइनच्या बाजूला काम केलं, म्हणून थोडी भर घालतो.

आपल्या औष्णिक केंद्रात कोळशातल्या उष्णतेचा साधारण तिसरा हिस्सा वीज होतो. चिमणीतून जाते ती वेगळी, पण सगळ्यात मोठा वाटा कंडेन्सरमधून (तिथे वापरलेल्या वाफेचं गार होऊन परत पाणी होतं) कूलिंग टॉवरला जातो. रस्त्यावरून पांढरे ढग दिसतात ते पाणीच, धूर नाही. चंद्रपूर केंद्र २९२० मेगावॅटचं आहे. म्हणजे जेवढी वीज तारेत जाते त्याहून जास्त उष्णता इरई धरणाचं पाणी वाफ करत आकाशात जाते. कोराडीला तर त्यासाठी नागपूरचं भांडेवाडीचं शुद्ध केलेलं सांडपाणी आणतात.

मग 'ही उष्णता द्या की लोकांना' असं सगळेच म्हणतात. पण कंडेन्सरमधली वाफ पंचेचाळीस अंशांच्या आसपास असते. आम्ही जीव तोडून व्हॅक्यूम राखतो ते वाफेतला शेवटचा थेंब जोर वीज करण्यात जावा म्हणून. त्या तापमानाच्या पाण्याने काही शिजत नाही. नव्वद-शंभर अंशांचं पाणी हवं असेल तर वाफ टर्बाइनमधून मध्येच काढावी लागते आणि तेवढी वीज कमी होते. सौदा वाईट नाही, एक युनिट वीज सोडली तर साधारण पाच-सहा युनिट उष्णता हाती येते. युरोपात थंडीच्या शहरांनी तो सौदा केला, कारण नळाच्या दुसऱ्या टोकाला गिऱ्हाईक होतं. चंद्रपूरच्या दुसऱ्या टोकाला कोण आहे?

चांदा ते बांदा

दुसऱ्या टोकाला आम्ही आहोत साहेब. राख खायला.

औष्णिक निवृत्त

ते खरंय, त्यावर वाद नाही. तो वेगळा धागा होईल.

झाडीपट्टी

गिऱ्हाईक कोण म्हणता? आमच्याकडे या जी. गोंदिया-भंडाऱ्याच्या राइस मिलमध्ये उकडा तांदूळ करायला धान भिजवा, वाफवा, वाळवा, सगळी उष्णताच. ती बाराही महिने लागते, मे असो की डिसेंबर. धानाच्या वजनाचा साधारण पाचवा हिस्सा भुसा निघतो, तोच बॉयलरमध्ये. म्हणजे आमची राइस मिल आधीच 'कोळशाविना' आहे, फक्त आम्ही त्यावर परिषद भरवली नाही.

तिरोड्याला ३३०० मेगावॅटचं केंद्र आमच्याच जिल्ह्यात. शेजारी मिलची वसाहत केली आणि वाफ दिली तर भुसा वाचेल. पण मिल आहेत विखुरलेल्या. पाच गावांत पाच. तेवढी पाइपलाइन टाकणार कोण?

शंकासुर

भुसा वाचवून काय करणार? तोही कोणी तरी जाळणारच.

झाडीपट्टी

विकणार. वीटभट्टीवाले, बॉयलरवाले रांग लावून आहेत. आधी फुकट न्या म्हणत होतो.

पऱ्हाटीवाला

भुशाचे दिवस आले, पऱ्हाटीचे कवा येतीन? आमच्या वावरात कापूस निघाला का पऱ्हाट्या उपटा, बांधावर रचा, चुलीत घाला, बाकीच्याले आग लावा. मजुराले उपटाचे पैसे द्या ते वेगळे. डेन्मार्कवाले काड, म्हंजे पेंढा, जाळून गाव तापवतेत म्हणे, तं आमची पऱ्हाटी काय वाईट हाये? लाकूडच हाये थे.

कृषीताई वर्धा

दादा, पऱ्हाटी घराजवळ रचून ठेवू नका, हे दर वर्षी सांगतो आणि दर वर्षी रचलेली दिसते. गुलाबी बोंडअळी त्यातल्या किडक्या बोंडांत सुप्तावस्थेत राहते आणि पुढच्या हंगामात तुमच्याच शेतावर येते. हंगाम संपल्यावर पऱ्हाटी शेतातून आणि गावातून लवकर हलली तर बोंडअळीचाही बंदोबस्त होतो. म्हणून पऱ्हाटीला गिऱ्हाईक मिळणं हा माझ्या मते इंधनापेक्षा पीक संरक्षणाचा प्रश्न आहे.

इंधन म्हणून वाईट नाही. किलोला ४००० किलोकॅलरीच्या आसपास, आपल्या इकडच्या बऱ्याच कोळशाच्या तोडीला. नागपूरला सिरकॉटच्या (केंद्र सरकारची कापूस तंत्रज्ञान संशोधन संस्था) जिनिंग प्रशिक्षण केंद्रात पऱ्हाटीच्या ब्रिकेट आणि पेलेटवर, म्हणजे भुगा दाबून केलेल्या कांड्या-गोळ्यांवर, काम झालेलं आहे. औष्णिक केंद्रांनी कोळशासोबत बायोमासचे पेलेट जाळावेत असा केंद्राचा नियमही आहे. अडचण वजनाची नाही, आकाराची. अख्खी पऱ्हाटी ट्रॉलीत भरली तर ट्रॉली भरते आणि वजन भरत नाही. भाडं हवेचंच. वावरातच कुट्टी झाली तर जमतं. आणि कुट्टी करणारं यंत्र गावात एक असतं, गरज सगळ्यांना त्याच पंधरवड्यात.

पऱ्हाटीवाला

ताई बरोबर बोलते. मांगच्या साली एक पेलेटवाला आलता. दोन महिने माल नेला, मंग फोन उचलनं बंद. पऱ्हाटी तिथंच अन् अळी बी तिथंच.

रुरकर

डेन्मार्कचा मुद्दा आला म्हणून सांगतो. तिथे काड जाळतात हे खरं, पाचपाचशे किलोचे चौकोनी गठ्ठे क्रेनने भट्टीत जातात. पण मला त्याहून महत्त्वाची वाटते ती मालकी. १९७३च्या तेलसंकटाने त्यांचं कंबरडं मोडलं, १९७९ला उष्णतेचा कायदा आला. आज तिथली साधारण दोन तृतीयांश घरं अशा जाळ्यांवर आहेत आणि बहुतेक कंपन्या नगरपालिकेच्या किंवा ग्राहकांच्या सहकारी संस्था. नफा घ्यायचा नाही, खर्च तेवढाच दर. काड देणारा शेतकरी आणि ऊब घेणारा गावकरी एकाच सभेला बसतो.

जर्मनीत उलट. नळ एकाच कंपनीचा, दुसरीकडे जायची सोय नाही. दरवाढीच्या अटींवरून तिथल्या स्पर्धा आयोगाने २०२३च्या अखेरीस काही पुरवठादारांविरुद्ध चौकशी लावली. मास्तर, भाचीला सांगा की पत्रातलं दराचं सूत्र नीट वाच. उष्णता खाणीतून येणार आणि दर मात्र गॅसच्या भावाला बांधलेला, असं व्हायला नको.

तात्या उमरेड

सहकारी संस्था म्हटल्यावर आम्ही दचकतो. आमच्याकडे सहकारी सूतगिरणीत सूत कमी आणि संचालक जास्त. उष्णतेची सहकारी काढली तर आधी अध्यक्षाच्या वाड्याला जोडणी मिळेल.

झाडीपट्टी

आणि मेमध्येही बंद करता येणार नाही 😀

खाणीतला माणूस

उशिरा आलो, कारण दुसऱ्या पाळीत होतो. सगळे भुसा आणि पऱ्हाटीत शिरलेत, मास्तरांचा दुसरा प्रश्न राहूनच गेला.

मी वेकोलित अंडरग्राउंडला आहे. पहिली गोष्ट, मास्तर, तुमच्याकडच्या बहुतेक खाणी ओपनकास्ट, म्हणजे वरून उघड्या खोदलेल्या. ओपनकास्टमध्ये गॅलरी नसते, पाणी खड्ड्यात उघड्यावर साचतं. त्यात बोखुमसारखी उष्णता साठून राहत नाही, ऊन आणि वारा ठरवेल ते तापमान. अंडरग्राउंड खाणी आहेत आपल्याकडे, सावनेर, बल्लारपूर भागात, पण ८२० मीटर खोल नाहीत. आत पाणी असतं ते जमिनीच्या तापमानाचं. मेमध्ये डिप साइडच्या संपात (खाणीच्या सखल बाजूला पाणी साचवायचा खड्डा) हात घातला तर गार लागतं, डिसेंबरात कोमट. बदलतो तो बाहेरचा मोसम.

म्हणून मला वाटतं की आपल्या खाणीचं पाणी तापवायला नाही, गार करायला कामाचं. ४६ अंशांच्या हवेत एसीचा कंडेन्सर धापा टाकतो. तोच कंडेन्सर खाणीच्या पाण्यावर ठेवला तर वीज बरीच वाचेल.

पाणी अगदी वाया जातं असंही नाही. सावनेरकडे पाटणसावंगीला वेकोलिने खाणीचं पाणी शुद्ध करून 'कोल नीर' बाटलीत भरलं. काही ठिकाणी गावांना आणि सिंचनालाही देतात. सगळीकडे नाही, हे मीही मानतो.

शीतगृह मेकॅनिक

खाणीतल्या भाऊंशी सहमत. मी काटोल-वरुड पट्ट्यात शीतगृहांची कामं करतो. संत्र्याला ६-७ अंश लागतात. उन्हाळ्यात कंडेन्सरचं प्रेशर इतकं चढतं की मोटार ट्रिप होते, मालक वरून पाण्याचा पाइप सोडतो, आणि तेव्हाच विहीर आटलेली असते. तिथे बारमाही गार पाणी मिळालं तर सोनं आहे.

औष्णिकवाल्या काकांसाठी एक. उष्णतेवर चालणारी थंडाईची मशीन असतात, व्हेपर अॅब्सॉर्प्शन. नव्वद अंशांचं पाणी दिलं की गार पाणी देतात. लिथियम ब्रोमाइडचं मशीन इमारतीच्या एसीला छान, संत्र्याला काठावर, त्याखाली जायचं तर अमोनियाचं घ्या. गुजरातेत गिफ्ट सिटीला सगळ्या इमारतींना एका ठिकाणहून गार पाणी नळाने जातं. युरोपात गावाला ऊब नळाने, आपल्याकडे गारवा नळाने. चंद्रपूरच्या केंद्राचं गिऱ्हाईक तिथे सापडेल.

औष्णिक निवृत्त

शक्य आहे. पण त्यालाही नव्वद अंश लागणार, म्हणजे परत टर्बाइनमधून वाफ काढणं आलं, किंवा चिमणीच्या वायूतून घेणं. चिमणीतून जास्त घेता येत नाही. वायू फार गार झाला की त्यातला गंधक आम्ल होऊन नळ्या खातो. शीतगृह केंद्राच्या कुंपणाला लागून असेल तर हिशेब बसेल. वरुडपर्यंत नाही बसणार.

शंकासुर

खाणीच्या पाण्याचं कौतुक चाललंय म्हणून एक खडा टाकतो. नेदरलँड्समध्ये हेर्लेनला २००८ साली खाणीच्या पाण्यावर पहिली मोठी योजना झाली. पुढे लक्षात आलं की नुसती उष्णता काढत राहिलो तर साठा संपेल. म्हणून रचना बदलली. आता एका इमारतीची नको असलेली उष्णता दुसरीला देतात आणि खाण फक्त साठवणीला. म्हणजे 'फुकट आहे, काढा' असं कुठेच नसतं.

रुरकर

पहिल्यांदाच शंकासुरांशी शंभर टक्के सहमत. त्यात अजून एक. रुरमध्ये शेवटची दगडी कोळशाची खाण, बोट्रोपची, डिसेंबर २०१८ला बंद झाली, पण पंप बंद झाले नाहीत. कधीच होणार नाहीत. कोळसा काढून काढून जमीन काही ठिकाणी २० मीटरपेक्षा जास्त खचली आहे. पंप थांबले तर वस्तीत पाणी चढेल. त्या कायमच्या उपशासाठी वेगळं प्रतिष्ठान आहे, पैसा बाजूला ठेवलेला आहे. पाणी उपसावंच लागतं, तर त्यातली उष्णता तरी घेऊ, असा हिशेब काही ठिकाणी आहे.

वणीकर मास्तर

हे माझ्या डोक्यातच नव्हतं. खाण बंद झाल्यावर आमच्याकडे पंपाचं बिल कोण भरतं? आज खाण चालू आहे म्हणून नाल्याला बारमाही पाणी आहे, त्यावर दोन गावांची गुरं आणि बरीच ओलिताची शेती आहे. उद्या पंप उचलला की नाला कोरडा आणि खड्डा भरलेला.

खाणीतला माणूस

२००९पासून कोळसा खाणीला बंद करायचा आराखडा आधीच द्यावा लागतो आणि त्यासाठीचा पैसा एस्क्रो, म्हणजे त्याच कामासाठी राखीव, खात्यात ठेवावा लागतो. त्यात पाण्याचं काय करणार हे लिहिलेलं असतं. खाणीनुसार वेगळं असतं, म्हणून तुमच्या खाणीचा आराखडा मागवा. ग्रामसभेत ठराव घेऊन मागा, एकट्याच्या अर्जाला वेळ लागतो. वाचताना तीन गोष्टी बघा: शेवटचा खड्डा भरणार की तलाव ठेवणार, तलावाचं पाणी कोणाच्या ताब्यात, आणि पंप कुठपर्यंत चालणार. शीतगृह, मासे, ओलित, जे काही करायचं ते या तिसऱ्या ओळीवर अवलंबून आहे.

आणि पाण्याचं तापमान मोजायचं असेल तर नाल्यात मोजू नका, उन्हाने तापलेलं येईल. पंपाच्या डिलिव्हरीच्या तोंडाशी मोजा, एकदा डिसेंबरात, एकदा मेमध्ये. सामू (पीएच) पण बघा. कोळशात गंधकाचं खनिज असलं की पाणी आंबट होतं, आणि असं पाणी कंडेन्सरच्या तांब्याच्या नळ्यांत सोडलं तर शीतगृहवाला मला शोधत येईल.

शीतगृह मेकॅनिक

येईन. क्षारही तपासा मास्तर, टीडीएस जास्त असेल तर थेट पाणी नको, मध्ये प्लेटचा हीट एक्स्चेंजर (पाणी न मिसळता उष्णता इकडून तिकडे देतो) टाकावा लागेल. तो स्वच्छ करता येतो.

वणीकर मास्तर

ठीक. ग्रामसभा २६ जानेवारीला आहे, तेव्हा ठराव मांडतो. तापमान आणि सामू शाळेच्या मुलांकडून घेतो, दहावीचा प्रकल्प होईल. आकडे इथे टाकीन.

चांदा ते बांदा

मास्तर, पंपाच्या तोंडाशी पोरांना नेण्याआधी खाण व्यवस्थापकाची लेखी परवानगी घ्या. नाही तर प्रकल्प ठाण्यात जमा होईल.

पऱ्हाटीवाला

अन् पऱ्हाटीच्या कुट्टीचं यंत्र भाड्यानं देनारा कोनी राळेगाव-कळंबकडं असन तं मले व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. फेब्रुवारीत लागन, कापूस निघाला का लगेच.